कोरकेसाहेब आणि मुलाकडचे

कोरकेसाहेब फोन उचलायचे आणि बोलायचेच नाहीत. कानाला लावून गप्प बसायचे. पलीकडचा ‘हॅलो, हॅलो’ करून दमला, की हे शांतपणे म्हणायचे, “आधी नाव सांगा.” नाव सांगितलं, की “कुठून बोलताय?” तेही सांगितलं, की “काम काय?” एवढी जबानी झाल्यावर स्वतःची ओळख द्यायचे, तीही फक्त आडनावाची. घरून वहिनींचा फोन आला तरी हाच प्रकार. “मी बोलतेय,” वहिनी म्हणायच्या. “मी म्हणजे कोण?” पुढे वहिनी काय म्हणायच्या ते मला ऐकू येत नसे, पण साहेबांचे कान लाल झालेले दिसायचे.

“अहो, नंबर दिसतो ना स्क्रीनवर, मग कशाला छळता बिचारीला?” मी एकदा म्हटलं. “नंबर कोणीही कोणाचाही दाखवू शकतो, मॅडम,” ते म्हणाले. “आवाजसुद्धा.”

दिगंबर कोरके आमच्या कंपनीचं टाइम ऑफिस सांभाळायचे. चाकणला गाड्यांचे पत्र्याचे सुटे भाग बनवणारी आमची कंपनी. कोण कधी आला, कोण कधी गेला, कोणाचा ओव्हरटाइम खरा आणि कोणाचा झोपेतला, हे सगळं त्यांच्या डोक्यात. मी पगारपत्रक करायचे. अकरा वर्षं आमची टेबलं शेजारी शेजारी होती. ते मूळचे बार्शीकडचे, पोटासाठी पिंपरीला आले आणि संत तुकाराम नगरात चौथ्या मजल्यावर स्थिरावले. साठी उलटली, निरोपाचा नारळ देऊन झाला, पण कोणत्या कंत्राटदाराचा माणूस कोणत्या गेटने येतो हे दुसऱ्या कोणालाच सांगता येईना, म्हणून मालकांनी मुदतवाढ दिली.

संशय हा त्यांचा जोडधंदा होता. कुरिअरच्या पाकिटावरचा पत्ता आपण फार तर फाडतो. हे तो कागद बादलीत भिजत घालायचे. “फाडलेलं जोडता येतं. भिजवलेलं जोडून दाखवा.” एटीएममधून पैसे काढून झाल्यावर बाहेर पडण्याआधी यंत्राची सगळी बटणं एकेकदा दाबून यायचे, खरा पिन ठशांवरून कळू नये म्हणून. मागे रांगेत उभी माणसं काय बोलायची ते इथे लिहिण्यासारखं नाही. मी विचारायचे, “साहेब, खात्यात आहे तरी काय एवढं?” ते म्हणायचे, “हेच विचारणारा पहिला चोर.” म्हणजे चोर मी. आमचं असं चालायचं.

आमच्या धंद्यात गिऱ्हाईक कंपनी म्हणजे सासू. ती वर्षातून दोनदा तपासणीला येते आणि कोपऱ्यातली धूळ बोटाने काढून दाखवते. एका वर्षी तिने फर्मान काढलं, की प्रत्येक पुरवठादाराने आपल्या कामगारांना फसवणुकीच्या फोन-मेलपासून सावध राहण्याचं प्रशिक्षण द्यावं आणि त्याचे फोटो व सह्या दाखवाव्यात. प्रशिक्षणाचं कोणाला काय पडलं होतं, सह्या महत्त्वाच्या. प्लँट मॅनेजरने विचार केला असणार, की हा माणूस तसाही जगावर संशय घेतो, तर पगारी घेऊ दे. झालं, कोरकेसाहेब प्रशिक्षक झाले.

कँटीनमध्ये पहिली शिफ्ट सुटल्यावर वर्ग भरायचा. सह्या आधी घ्यायच्या, कारण नंतर कोणी थांबत नसे. समोर साठ दमलेली माणसं, सगळ्यांचं लक्ष बसकडे. साहेबांनी वरून आलेल्या स्लाइड पहिल्याच दिवशी बाजूला ठेवल्या. “हे बघा,” ते म्हणाले, “समोरचा घाई करायला लागला, की समजा त्याला तुमच्याकडून काहीतरी करून घ्यायचंय. फोन ठेवायचा. एक कप चहा मागवायचा. कप रिकामा होईपर्यंत मोबाईलवर काही दाबायचं नाही. प्यायल्यावर ज्याचं नाव तो सांगत होता, त्याच्या खऱ्या नंबरवर आपण फोन लावायचा.” मागून कोणीतरी विचारलं, “चहा पीत नसलो तर?” साहेब म्हणाले, “गरम पाणी प्या. पण बसा.” त्या दिवसापासून पोरं त्यांना कटिंग सर म्हणायला लागली.

हसायला काय जातंय, पण त्याचा उपयोग व्हायचा. प्रेस शॉपमधला मारुती एकदा भर शिफ्टमध्ये मोबाईल हातात घेऊन धावत आला. “सायेब, माझी लाईट कापायलेत म्हणं संध्याकाळी. आत्ताच्या आत्ता पैसे भरा म्हणायलेत.” साहेबांनी चष्मा वर केला. “राहतोस कुठं?” “भाड्यानं, कुरुळीत.” “मीटर कोणाच्या नावावर?” “मालकाच्या.” “मग त्यांना तुझा नंबर दिला कोणी?” मारुती विचारात पडला, आणि विचारात पडला तिथेच वाचला. मोबाईलमधून तो माणूस अजून ओरडत होता. साहेबांनी फोन घेतला, कानाला लावला आणि म्हणाले, “आधी नाव सांगा.” तो पठ्ठ्या कटला.

खुद्द मालकही सुटले नाहीत. एकदा विमानतळावरून त्यांनी कोणाच्या तरी मोबाईलवरून फोन केला, सगळ्या कामगारांची यादी, फोन नंबर, आधार नंबर ताबडतोब मेलवर पाठवा म्हणून. “आधी नाव सांगा.” “कोरके, मी बोलतोय.” “असं सगळेच म्हणतात, साहेब.” मालकांनी जो आवाज चढवला तो माझ्या टेबलापर्यंत आला. यांनी फोन ठेवला, चहा मागवला, निवांत प्यायला आणि मालकांच्या घरी फोन लावून बाईसाहेबांना विचारलं, “साहेब आज प्रवासात आहेत का हो?” यादी गेली, पण पाऊण तास उशिरा. नोकरी कशी टिकली देव जाणे. पुढे शेजारच्या गल्लीतल्या एका कंपनीला असाच एक मालकाच्या नावाचा मेल आला, तो खोटा निघाला आणि त्यांची यादी बाहेर गेली. तेव्हापासून आमचे मालक फोनवर आधी स्वतःचं पूर्ण नाव सांगायला लागले.

तर असा हा माणूस. पण मुलाकडच्यांचा फोन आला, की खुर्चीतून उठून उभा राहायचा.

त्यांची एकुलती एक मुलगी अनुजा. हिंजवडीला आयटीत, एकोणतीस वर्षांची. तिला लग्नाची घाई नव्हती. तिला वाकडला स्वतःचा फ्लॅट घ्यायचा होता. नोकरी लागल्यापासून ती पैसे साठवत होती आणि ते सगळे तिने वडिलांच्या नावावर मुदत ठेवीत टाकले होते. का, तर ज्येष्ठ नागरिकाला व्याज अर्धा टक्का जास्त मिळतं. शिवाय, “माझ्या बाबांपेक्षा मोठी तिजोरी कोणती, काकू?” असं ती मला हसत म्हणाली होती. बुकिंगची तारीख ठरलेली होती. लग्नाचं बघू नका, माझा बायोडेटा कुठे फिरवू नका, असं तिने वडिलांना बजावून सांगितलं होतं.

फिरवला अर्थातच. एकदा साहेबांनीच कौतुकाने मला दाखवला. वर देवाचं चित्र, खाली मुलीचा साडीतला फोटो, आणि मग सुरू. जन्मतारीख, जन्मवेळ मिनिटासकट, जन्मगाव, आईचं माहेरचं आडनाव, मामांची नावं नि गावं, रक्तगट, कंपनी, पगार, ‘संत तुकाराम नगर येथे स्वतःचा फ्लॅट, मजला चौथा’, शेवटी मोबाईल नंबर. समाजाच्या सतरा ग्रुपवर टाकला होता. ज्या माणसाने कुरिअरचा कागद बादलीत भिजवला, त्याने अख्खं घर वाटून टाकलं होतं. “साहेब,” मी म्हटलं, “एटीएमचा पिन तेवढा लिहायचा राहिला.” ते हसले नाहीत. “मॅडम, मुलीचा बाप आहे मी. लपवलं, की लोक म्हणतात काहीतरी दोष असणार. इथे ‘आधी नाव सांगा’ म्हणून चालत नाही.” तेवढं मात्र खरं होतं. आपल्याकडे मुलाकडचे काहीही विचारू शकतात, मुलीची उंची चप्पल घालून की चप्पल काढून इथपर्यंत, आणि आपण सांगतो.

मग एक मामा उगवले. मुलाचे मामा, लातूरकडचे निवृत्त मुख्याध्यापक, असं म्हणाले ते. पहिल्या फोनला साहेबांच्या तोंडून सवयीने ‘आधी नाव सांगा’ निघून गेलं आणि स्वतःच घाबरले. पण मामांनी नाव सांगितलं, गाव सांगितलं, तालुका सांगितला आणि वर विचारलं, “आता तुम्ही कोरकेच कशावरून? माफ करा हं, हल्ली फसवणूक फार वाढलीय.” साहेब इतके खूश झाले, की दिवसभर तोच विषय. “याला म्हणतात माणूस. आपल्यासारखा.” आणि आपण कोरकेच आहोत हे पटवून द्यायला त्यांनी बायोडेटात जे नव्हतं तेही सांगून टाकलं. मामांना कसलीही घाई नव्हती. दहा-अकरा दिवस रोज दुपारी फोन, कधी हवापाणी, कधी मुलाचं कौतुक. घाई चढली ती साहेबांना. दोन वाजले, की मोबाईलकडे टक लावून बसायचे.

बाराव्या दिवशी मामांनी मुलाची पत्रिका नि फोटो पाठवले. साधी फाईल नव्हती ती. उघडायला गेलं, की मोबाईल परवानगी मागायचा, ही द्या, ती द्या. मामांनी कळवलं होतं, की समाजाच्या मंडळाने सुरक्षेसाठी तशी सोय केलीय, म्हणजे मुलांचे फोटो भलत्यांच्या हाती पडत नाहीत. साहेबांनी परवानग्या दिल्या. पहिला फोटो अर्धवट दिसला, निळ्या कोटातला, उंच, केस छान. मग पडदा पुसट झाला आणि खाली आलं, ‘पूर्ण माहितीसाठी दोन रुपये नोंदणी शुल्क भरा.’ त्याखाली बँकेची माहिती भरायची चौकट.

साहेब थांबले. मी शेजारी होते, मला स्पष्ट आठवतंय, ते थांबले. मोबाईल टेबलावर पालथा ठेवला आणि कँटीनच्या मावशींना हाक मारली, “मावशी, एक चहा आणा.” मला म्हणाले, “चहा घेतो, मग बघू.”

आता खरं सांगते. मला तो मुलगा बघायचा होता. अकरा वर्षं ज्या पोरीच्या शाळेपासूनच्या गोष्टी ऐकल्या, तिला कसा नवरा मिळतोय याची मला हौस होती, आणि खोटं कशाला बोलू, दुसऱ्या दिवशी बसमध्ये सांगायला काहीतरी हवं होतं. मी म्हटलं, “अहो साहेब, चहा कसला पिताय? दोन रुपयांत जावई दिसतोय. दाबा की.” आणि हसले. मी हसले म्हणून तेही हसले. मोबाईल सुलटा केला, चष्मा सारखा केला, माहिती भरली आणि दाबलं. आम्ही दोघं त्या पडद्यावर वाकलो होतो. मावशी चहा ठेवून गेल्या ते कळलंही नाही.

मुलगा काही दिसला नाही. गोल चक्र फिरत राहिलं. दुपारभर मोबाईल तापलेला होता, मेसेज यायचे बंद झाले होते. पाचच्या सुमाराला त्यांनी कॉम्प्युटरवर सहज मेल उघडला. बँकेचा मेल होता, आपण मुदत ठेव मोडली आहे. त्याच्याखाली आणखी चार मेल, पैसे गेल्याचे. मामांचा फोन बंद. साहेब हाताची घडी घालून नुसते बसले. मी म्हटलं, “सायबरच्या मदत क्रमांकावर फोन लावा, बँकेला सांगा.” ते म्हणाले, “अनुजाला कळेल.” मी परत म्हटलं. ते परत म्हणाले, “अनुजाला कळेल, मॅडम.” वर्गात हाच माणूस सांगायचा, की फसलात तर पहिल्या तासात बोला, लाजेपायी तास घालवू नका. वीस मिनिटं गेली त्यात. शेवटी मी माझ्या फोनवरून नंबर लावला आणि त्यांच्या कानाला धरला. काही रक्कम मध्येच अडवता आली. बरीचशी गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सायबर पोलिसांकडे लेखी तक्रार द्यायची होती. वहिनींनी मला गळ घातली, “तुम्ही सोबत जा, त्यांना एकटं सोडू नका.” अनुजा परस्पर तिथे आली. तिने मुलाचा फोटो बघितला आणि म्हणाली, “बाबा, हा कोटांच्या जाहिरातीतला आहे.” मग मान खाली घालून बसली. तक्रार लिहून घेणाऱ्या पोलिसाने सगळं शांतपणे विचारलं, आणि विचारता विचारता विचारलं, “हे भरलंत तेव्हा शेजारी कोणी होतं का?” अनुजानेही मान वर केली. “कोणी नव्हतं का, बाबा? कोणी तरी थांबवलं असतं ना तुम्हाला.”

“कोणी नव्हतं,” कोरकेसाहेब म्हणाले. “मॅडम जेवायला गेल्या होत्या. मी एकटाच होतो.”

मी तिथेच होते, दोन खुर्च्या सोडून. पर्स मांडीवर धरून बसले होते. मी तोंड उघडलं नाही.

फ्लॅट गेला. अनुजा मैत्रिणींसोबत वाकडला भाड्याने राहायला गेली. दर रविवारी यायची ती आईसाठी, वडिलांशी ‘जेवलात का’ एवढंच. तिचा राग पैशावर कमी होता. जगाला थांबायला शिकवणारा माणूस तिच्या लग्नाचा विषय निघाल्यावर क्षणभरही थांबला नाही, हे तिला लागलं होतं. वहिनीच मला हे सांगायच्या. कंपनीत तर काय, सगळ्यांना दिवाळी. ‘कटिंग सर कटले’ हे आठवडाभर चाललं. प्रशिक्षण त्यांच्याकडून काढून घेतलं. लोक हसायचे तेव्हा मीही हसायचे. गप्प बसले असते तर कोणीतरी विचारलं असतं.

एकदा मी विचारलं त्यांना, “माझं नाव का नाही घेतलंत?” ते हजेरीचा तक्ता तपासत होते. मान वर न करता म्हणाले, “तुम्ही म्हणालात, पण बोट माझंच होतं, मॅडम. ज्याचं बोट, त्याची हजेरी. आमच्या खात्यात तेच चालतं.” आणि पुढच्या नावाकडे वळले.

त्या घटनेनंतर आठ महिन्यांनी, सकाळी बसची वाट बघताना ते खाली बसले आणि उठले नाहीत. अनुजा वाकडहून येईपर्यंत सगळं संपलं होतं.

पुढच्याच महिन्यात सासूबाईंची, म्हणजे गिऱ्हाईक कंपनीची, तपासणी होती, म्हणून प्रशिक्षण माझ्या गळ्यात पडलं. मी जुन्या स्लाइड काढल्या, सह्या घेतल्या आणि उदाहरण म्हणून त्यांचंच सांगितलं. म्हटलं, आपल्यातलेच एक अनुभवी गृहस्थ, शेजारी कोणी नव्हतं, एकट्याने निर्णय घेतला. सह्यांची संख्या भरायला मागे कँटीनच्या मावशींनाही बसवलं होतं. मूळच्या चाकणच्याच त्या, बोलायला कोणाला घाबरत नाहीत. त्या बसूनच म्हणाल्या, “आवो मॅडम, एकटे कुठं? त्या दिशी मी चहा घेऊन आलते, तवा तुमी दोघं बी त्या मोबाईलमधी बघत व्हता की. सायबांनी चहाला हात सुदिक लावला न्हाई.” सहज बोलल्या, चूक सुधारावी तशा. साठ माणसं माझ्याकडे बघत होती. मी म्हटलं, “हो. होते मी.” वर्ग तिथेच सुटला.

त्या रविवारी मी संत तुकाराम नगरात गेले. वहिनी देवळात गेल्या होत्या. अनुजा एकटीच होती, वडिलांचे कागद लावत बसली होती. मी बसले नाही. उभ्या उभ्या सगळं सांगितलं. ते थांबले होते, मोबाईल पालथा ठेवला होता, आणि मी हसून दाबा म्हणाले, इथपर्यंत.

तिने हातातला कागद खाली ठेवला. “बाबा थांबले होते?”

“हो.”

“आणि बाबा होते ते आठही महिने तुम्हाला हे माहीत होतं.”

मी मान हलवली. तिने चेहरा ओढणीत घेतला. मला वाटलं पुढे होऊन तिच्या पाठीवर हात ठेवावा, पण पाय हलला नाही. मग ओढणी बाजूला करून ती म्हणाली, “काकू, तुम्ही आता जा.” आवाज चढवला नाही तिने.

मी चपला घातल्या आणि जिना उतरायला लागले. अनुजाचा राग आला नाही. स्वतःची लाज वाटत होती, ती तर होतीच. पण चार मजले उतरेपर्यंत मला सगळ्यात जास्त राग आला तो कोरकेसाहेबांचा. एकदा, फक्त एकदा माझ्याकडे बोट दाखवायचं होतं त्यांनी त्या पोलिसांसमोर. मी चिडले असते, भांडले असते, चार दिवस बोलले नसते. पण त्यांची मुलगी त्यानंतरच्या रविवारी त्यांच्याशी बोलली असती.